पी बंद, क्यू चालू

मी एक जुनी सागवानी फळी आहे, मित्रांनो. पण मला नुसती फळी म्हणालात तर राग येईल. माझ्या छातीवर बटणांच्या तीन ओळी आहेत. पहिली 'आणि'ची, दुसरी 'किंवा'ची, तिसरी 'जर-तर'ची. प्रत्येक ओळीत पी आणि क्यू नावाची दोन बटणं आणि एक दिवा. बटण चालू म्हणजे ते विधान खरं, बंद म्हणजे खोटं; आणि दिवा लागला म्हणजे दोन्ही जोडून झालेलं अख्खं वाक्य खरं. एका कोपऱ्यावर खडूनं 'भंगार' असं लिहिलेलं आहे. ते माझं नाव नाही. ते कोणी लिहिलं आणि का लिहिलं, ते सांगते.

मला सावळीराम सरांनी केलं. नाशिकच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात ते गणित शिकवत. मोडक्या बाकाचं सागवान रंधा मारून त्यांनी गुळगुळीत केलं, रविवार कारंज्याच्या बाजारातून बटणं आणि होल्डर आणले, आणि चार सुट्ट्या घालवून मला उभं केलं. बारावीच्या गणितात तर्कशास्त्राचा धडा असतो. तो मुलांना डोळ्यांनी दिसावा, एवढीच त्यांची इच्छा.

शिकवण्याची त्यांची एक रीत होती. ते स्वतः बटणांना कधी हात लावत नसत. माझ्याकडे पाठ करून उभे राहत आणि म्हणत, "विमलाबाई, तिसरी ओळ. पी चालू, क्यू बंद!" विमलाबाई म्हणजे आमच्या कॉलेजातल्या सेविका, चांदवडकडच्या. त्या बोट बटणावर ठेवून थांबत. मुलांनी आधी वहीत लिहायचं, दिवा लागेल की नाही. मग बटण दाबलं जाई. हरलेली मुलं ओरडत, "मावशी, परत!" आणि विमलाबाई म्हणत, "परत केलं तरी तसंच होनार. दिवा काय तुमच्यासारखा लबाड नाय."

वर्षातून एकदा सर मला उलटी करत. पाठीवर त्यांनी झाड रंगवलं होतं. मुळाशी वादविवादाचं जुनं तर्कशास्त्र. बुंध्यापाशी सुमारे पावणेदोनशे वर्षांपूर्वीचा काळ, जेव्हा शब्दांच्या जागी चिन्हं आली आणि विचारांचंही गणित मांडता येऊ लागलं. आणि वर चार जाड फांद्या.

पहिली फांदी संचांची. सर म्हणत, पंगतीत माणसं किती आणि पत्रावळी किती हे न मोजताही दोन्ही सारख्याच आहेत हे कळतं. एकेका माणसापुढे एकेक पत्रावळ असली की झालं. हीच जोडी लावण्याची युक्ती अनंताला लावली, तेव्हा सगळी अनंतं सारखी नसतात, काही दुसऱ्यांहून मोठी असतात, हे उमगलं. दुसरी फांदी सिद्धतांची. तिथे सिद्धतेचीच तपासणी होते. नियम कितीही नेटके मांडा; ते परस्परविरोधी नसतील आणि अंकगणित पेलण्याइतके दणकट असतील, तर काही खरी विधानं त्या नियमांनी सिद्ध होतच नाहीत, हे या फांदीवर सापडलं. तिसरी फांदी प्रतिमानांची, म्हणजे एखादं विधान कोणत्या जगात खरं ठरतं ते पाहण्याची. 'प्रत्येकाच्या पुढे कोणीतरी आहे' हे विधान घ्या. वणीच्या गडावरच्या दर्शनाच्या रांगेत ते खोटं, कारण पहिल्याच्या पुढे कोणी नसतं. गोल फेर धरलेल्या मुलींत मात्र खरं. आणि चौथी फांदी यंत्रांची: पायरी पायरीनं काय काढता येतं, आणि काय कुठल्याच यंत्राला कधीही काढता येणार नाही. तुमच्या मोबाइलच्या पोटात कोट्यवधी बारीक बटणं आहेत ना? ती माझीच धाकटी भावंडं.

सर निवृत्त होऊन येवल्याला गेले. त्यांच्या जागी शेखर सर आले. माणूस हुशार, पण घाईचा. "या धड्यावर ठरलेले प्रश्न येतात. तक्ते पाठ करा, पुढे चला," असं ते म्हणत. अख्खं झाड, आणि त्याचं एक पान तोडून पाठ करायचं! मी भिंतीवर धूळ खात राहिले. वर्गात डिजिटल फळा आला, आणि शेखर सरांनी माझ्या कोपऱ्यावर 'भंगार' लिहिलं. तेही मी सोसलं. पण गेल्या महिन्यात जे झालं, ते मला अजून सोसत नाही.

सराव परीक्षेची गणिताची प्रश्नपत्रिका फुटली. आदल्या दिवशीच तिचा फोटो मुलांच्या मोबाइलवर फिरला. प्रती होत्या आमच्याच वर्गातल्या लोखंडी कपाटात. कपाटाला एक कुलूप, त्याची एकच किल्ली, आणि ती विमलाबाईंकडे.

दुसऱ्या दिवशी पहिल्याच तासाला, भरल्या वर्गात शेखर सरांनी त्यांना बोलावलं.

"मावशी, कपाट किल्लीनं उघडलं तर कुलूप शाबूत राहतं. बरोबर?"

"बरोबर."

"कुलूप शाबूत आहे. म्हणजे कपाट किल्लीनंच उघडलं. किल्ली तुमच्याकडे. आता आणखी काय सिद्ध करायचं राहिलं?" त्यांनी खिशातून लिहून आणलेला कागद काढून टेबलावर ठेवला. "प्राचार्यांना लेखी देतोय. उद्यापासून येऊ नका."

मित्रांनो, त्या क्षणी माझ्या तारा तापल्या! याच माणसानं आठवड्यापूर्वी, याच जागी उभं राहून मुलांना लिहून दिलं होतं: विधान खरं असलं म्हणून त्याचा व्यत्यास, म्हणजे 'जर' आणि 'तर'ची अदलाबदल करून केलेलं विधान, खरा असतोच असं नाही. मुलांनी ते लाल पेनानं अधोरेखित केलं होतं. वहीत एक आणि माणसाशी वागताना दुसरं? अठ्ठावीस वर्षं ज्या बाईनं या खोल्यांची कुलपं सांभाळली, तिच्यासाठी एक वाक्य नीट तपासायलाही तुम्हाला सवड नव्हती?

विमलाबाई रडल्या नाहीत. पदरानं त्यांनी माझ्यावरची धूळ पुसली आणि माझ्या वायरची पिन विजेच्या बोर्डात खोचली.

"मावशी, हे काय चाललंय?" शेखर सरांनी विचारलं.

"सर, तुमचंच बोलनं लावते. तिसरी ओळ. पी म्हंजी कपाट किल्लीनं उघडलं. क्यू म्हंजी कुलूप शाबूत." मग त्या मुलांकडे वळल्या. "पी बंद, क्यू चालू. लिवा रे पोरांनो, दिवा लागंल का नाय?"

साठ मुलांनी माना खाली घातल्या आणि लिहिलं. विमलाबाईंनी बटण दाबलं. किती वर्षांनी! मी जीव एकवटला, आणि दिवा लागला.

"बगा," त्या म्हणाल्या. "तुमचं जर-तर खरंच हाय. कुलूपबी शाबूत हाय. तरी कपाट कुनी उघडलेलंच नाय, असंबी असू शकतं."

शेखर सर म्हणाले, "असू शकतं, हे ठीक आहे. मग पेपर काय हवेतून फुटला?"

मागच्या बाकावरून योगिनी उठली. "सर, मी मोबाइल आणलाय. आधी रागावू नका." तिनं फिरत असलेला तो फोटो मोठा करून दाखवला. "पूर्ण पान दिसतंय. यावर कॉलेजचा शिक्काच नाही."

विमलाबाई म्हणाल्या, "मी एकूनएक प्रतीवर शिक्का मारून मगच कपाटात ठेवल्या. तुमच्या डोळ्यांम्होरं."

"सर," योगिनीनं हळूच विचारलं, "मग हा फोटो कपाटातल्या प्रतीचा नाही. मूळ प्रत कुठंय?"

शेखर सरांनी पाकीट चाचपलं, पिशवी चाचपली. मग ते खुर्चीवर बसले. प्रती काढायला झेरॉक्सच्या दुकानात ते स्वतः गेले होते. गठ्ठा उचलला होता, पण मूळ कागद यंत्राच्या झाकणाखालीच राहिला होता.

"माझंच चुकलं, मावशी," ते म्हणाले आणि टेबलावरचा कागद फाडायला उचलला.

विमलाबाईंनी त्यांचा हात धरला. "फाडू नका. याच्याच मागल्या बाजूला लिवा, तुमचं काय चुकलं ते. आन मग द्या प्राचार्यांना. बोललात भरल्या वर्गात, तर लिवायचंबी भरल्या वर्गात."

शेखर सरांनी लिहिलं. तीन ओळी लिहायला त्यांना बराच वेळ लागला. घाईच्या माणसाला तो वेळ द्यावा लागला, याचं मला बरं वाटलं.

मित्रांनो, माझा राग मात्र अजून उतरलेला नाही. शिक्का मारायचा राहिला असता तर? विमलाबाईंना बटणं माहीत नसती तर? दिवा तेव्हाही लागलाच असता. पण तो बघायला कोणी थांबलं नसतं. माझ्या कोपऱ्यावरचा खडू पुसला की नाही, मला भंगारात दिलं की भिंतीवर ठेवलं, ते फार मोठं नाही. एवढंच करा: कोणाकडे बोट दाखवण्याआधी क्षणभर थांबा. मनातल्या मनात पी, म्हणजे तुमचा संशय, बंद करा, क्यू, म्हणजे समोर दिसतंय ते, चालू ठेवा, आणि दिवा बघा. तो लागलेला असेल, तर उचललेलं बोट खाली घ्या.