मागच्या खोलीचं कुलूप

मित्रांनो, बसा, पण जरा लांबच बसा. मी एक जुनं लोखंडी कुलूप आहे. कुणी जवळ आलं की आधी मनात येतं, हा कशाला आला? त्यात माझा दोष नाही. कारखान्यात एका माणसाचं दिवसभर कामच ते होतं, आमच्यात चुकीच्या किल्ल्या घालून बघायच्या. माझ्यात त्याने अकरा घातल्या. मी एकीलाही दाद दिली नाही. "पक्कं आहे बेणं!" म्हणाला. तेवढंच काय ते कौतुक माझ्या वाट्याला आलं.

पुढे मला कोर्टाचं काम लागलं. एका शिलाईच्या दुकानावरून वहिनी नि दिरात वाद पेटला होता. तिचा नवरा वारला आणि दुकान कुणाचं ते ठरेना. निकाल लागेपर्यंत कोर्टाने जागा एका साहेबांच्या ताब्यात दिली. त्यांना रिसिव्हर म्हणतात. पुढच्या खोलीत वहिनीने शिवणकाम करावं आणि त्या खोलीच्या वापराचे पैसे दरमहा साहेबांकडे भरावेत, असं ठरलं. मागची खोली बंद. तिच्या दाराला मी, आणि माझ्या भोकावर सहीशिक्क्याची कागदी पट्टी.

वहिनीचं मशीन माझ्या शेजारीच. दर शनिवारी ती मशीनला तेल द्यायची आणि कुपीच्या तोंडाला राहिलेला थेंब माझ्या कडीत सोडायची. मी म्हटलं, आली लाडीगोडी! एक दिवस ही हळूच किल्ली काढणार बघा. दोन वर्षं मी पाळत ठेवली. किल्ली काही निघाली नाही.

तेल मात्र झिरपत खाली गेलं. पट्टी तेलकट झाली आणि एका सकाळी गळून पडली. वहिनीने ती उचलली. साहेबांना कळवायचं सोडून तिने काय करावं? खळ शिजवली आणि पट्टी परत चिकटवली. तीही वाकडी.

दिराने ती बघितलीच. लगेच कोर्टात अर्ज टाकला, की वहिनी दोन्ही खोल्या वापरते, तेव्हा दोन वर्षांचे दोन्ही खोल्यांचे पैसे भरावेत, नाहीतर दुकान सोडावं. एवढे पैसे तिने आणायचे कुठून? मशीन विकलं असतं तरी पुरले नसते.

कोर्टाने साहेबांना पाहणी करायला सांगितलं. ते आले, मागोमाग दीर आला.

"बघा साहेब, बंद खोलीचं कुलूप कधी इतकं गुळगुळीत असतं का?"

"मीच तेल देते हो त्याला," वहिनी म्हणाली.

"ऐका! उघडायचं नाही तर तेल कशाला?"

"भावजी, मशीनचं उरलेलं देते. गंजत पडलेलं बघवत नाही मला."

"आणि पट्टी? तीपण बघवली नाही वाटतं?"

साहेबांनी विचारलं, "बाई, पट्टीला हात कुणी लावला?"

"मी. पडली म्हणून चिकटवली. चुकलंच माझं."

साहेबांनी ते लिहून घेतलं. त्यांच्या भुवया काही खाली आल्या नाहीत. मला सांगायचं होतं खूप, पण माझं तोंड किल्लीशिवाय कधी उघडलंय?

साहेबांनी पट्टी काढली, किल्ली घातली. मी जराही न कुरकुरता उघडलो.

"बघितलंत? रोजचा सराव आहे त्याला!" म्हणत दीर साहेबांच्या आधी दार ढकलून आत घुसला.

घुसला तो थेट कोळ्याच्या जाळ्यात. खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाळंच जाळं. चष्म्यावर, मिशीत, तोंडात. थू थू करत बाहेर आला. आत जमिनीवर बोटभर धूळ, आणि तिच्यात पावलं तीन. तिन्ही त्याचीच.

"पुसा, भावजी," वहिनीने कापडाचा तुकडा पुढे केला.

"दोन वर्षांत इथे शिरलेले तुम्हीच पहिले दिसता," साहेब म्हणाले.

कोर्टाने पैसे एकाच खोलीचे धरले. पट्टीला हात लावल्याबद्दल वहिनीला चांगली समज मिळाली, पण तिचं मशीन चालू राहिलं.

आणि मी? इतकं गुपचूप उघडणारं कुलूप साहेबांना खटकलं. दाराला नवीन लागलं आणि मला त्यांच्या कचेरीतल्या खणात टाकलं. आता मी गंजलोय, म्हणून माझ्यावर कुणाचाच संशय नाही.

मित्रांनो, ज्या एका हाताने माझी काळजी घेतली, त्याच्याकडे मी दोन वर्षं चोराचा हात म्हणून बघितलं. तेवढं मात्र सलतं. तुमच्या घरी एखादं कुलूप असंच लटकत असेल, तर थेंबभर तेल सोडा त्यात. ते संशयाने बघेल तुमच्याकडे. बघू दे. तरी सोडा.