चौथ्या शपथेचं अंतर

चौथ्यांदा निवडून आल्यावर थर्लोसाहेबांच्या खुर्चीपासून शपथेच्या मेजापर्यंतचं अंतर सहा मैल झालं. पहिल्या खेपेला ते बारा पावलं होतं. अमेरिकेचा अध्यक्ष इतकी वर्षं टिकला की असं होतंच, असं मोजणीला आलेला माणूस म्हणाला आणि फीत गुंडाळून निघून गेला.

मी एल्मर. साहेब माझा दंड धरून चालतात, हीच माझी नोकरी. पोलिओने त्यांचे पाय केव्हाच गेलेत. विजारीखालच्या पोलादी पट्ट्या गुडघ्याशी अडकवायच्या, डाव्या हातात काठी, उजव्यात माझा दंड. लोकांपुढे पडायचं नाही. बाहेर युद्ध चालू होतं. ते पडले तर देश हातपाय गाळेल.

न्याहारी करून निघालो. दोन्ही बाजूंना लोक मांडीवर रेडिओ घेऊन बसले होते. साहेबांना चालताना टिपायची मनाई, म्हणून फोटोवाले भिंतीकडे तोंड करून उभे होते.

"हसत राहा," साहेब म्हणाले. "आपण गप्पा मारत चाललोय असं दिसलं पाहिजे. विनोद सांग."

मी न्हाव्याकडे गेलेल्या टकल्या पाद्र्याचा सांगितला. साहेब खो खो हसले. घाम मात्र हनुवटीवरून टपकत होता.

दुसऱ्या मैलाला माझे विनोद संपले. तिसऱ्याला साहेबांची टोपी कानांवर उतरली. चौथ्याला कॉलर रिकामी झाली.

"साहेब, तुम्ही कमी होताय."

"दिसतंय?"

"लांबून नाही."

"मग चल."

"मागे जाऊन चाकांची खुर्ची आणू?"

"बघ, जाता येतंय का."

मी वळून पाहिलं. लोकांनी खुर्च्या पुढे सरकवून वाट बुजवली होती.

पाचव्या मैलानंतर माझ्यासोबत कोट, विजार आणि पट्ट्याच उरल्या. दंडावरची पकड तेवढी होती तशीच होती. मला रडू येत होतं, पण मी दात दाखवत राहिलो.

मेज आलं. सहा मैलांवरचे सगळे लोक उठून उभे राहिले. काठी मेजाला टेकली, डावी बाही बायबलवर पसरली.

न्यायाधीशांनी घसा खाकरला. "उजवा हात वर करा."

"एल्मर," कोटातून आवाज आला, "विनोद सांग."

मी पाद्र्याचाच पुन्हा सुरू केला. माझ्या दंडावरची करंगळी सुटली. मग तिच्या शेजारचं बोट.