वजन उतरवा

कॅस्पियन समुद्र दरवर्षी मागे सरतोय, हे वरच्या साहेबांना सोडून सगळ्यांना दिसत होतं. आज ऐन वादळात माझा धाकटा भाऊ येरसायिन याची मासेमारी होडी बुडत होती, आणि आमची गस्तीनौका बंदरातल्याच गाळात रुतून बसली होती.

"वजन उतरवा," कॅप्टन दुइसेन म्हणाले.

आम्ही तोफगोळे उतरवले, पिण्याचं पाणी ओतून दिलं, नांगरसुद्धा काढला. मग ते माझ्याकडे वळले. "गोळेच नाहीत, तर तुझी तोफ काय कामाची? तूही उतर."

मी उतरलो. नौका तसूभरही हलली नाही.

धक्क्यावरच्या वायरलेसवर येरसायिनचा आवाज आला. "दादा, तू आहेस ना नौकेवर? कुठवर आलात?"

"आहे रे," मी म्हणालो. "पोचलोच."