नऊ इंचांची बॉर्डर

चांगुणाने सिमेंटच्या रिकाम्या गोणीतून नायलॉनचा दोरा ओढून काढला, मांडीवर घोळवून त्याला पीळ दिला आणि करंगळीएवढ्या खुंटीला बांधून फास मातीत रोवला. मग दुसरा, मग तिसरा. माळाभोवतीच्या दगडी बॉर्डरमध्ये फिरायला येणाऱ्यांसाठी सोडलेली दोन हातांची एक वाट तिने अशा आठ फासांनी बंद केली.

साइटवर पक्ष्यांची नोंद ठेवणाऱ्या प्रगतीने तिचा हात धरला.

"मावशी, नको. हा गुन्हा आहे. तुम्हालाच धरतील."

"दुपारी सांगून कुनी ऐकलं का, बाई? मंग आता दावते."

दुपारी चांगुणा साइटच्या केबिनमध्ये गेली होती. माळालगतच्या पाड्यावरचं कुणी त्या केबिनमध्ये पहिल्यांदाच पाऊल टाकत होतं, आणि तिथला साहेब धर्मेश याने तिला बस म्हणण्याचेही कष्ट घेतले नव्हते.

सोनिवलीच्या या टॉवरना परवानगी मिळाली तेव्हा मागचा अकरा एकरांचा माळ लाव्यांसाठी राखायची अट पडली. लावा म्हणजे मुठीत मावेल एवढा, मातीच्या रंगाचा, गवतात तुरुतुरु चालणारा पक्षी. त्याची राखण करायला कंपनीने धर्मेशला आणलं. धर्मेशने तोवर लावा पाहिला होता तो हॉटेलच्या ताटात. पण चार परिषदांना जाऊन आलेल्या माणसाला माळ बघायची गरज पडत नाही. त्याने आल्या आल्या गुरं बंद केली आणि माळाभोवती नऊ इंच उंचीची घडीव दगडांची बॉर्डर बांधून घेतली. का, तर ड्रोनच्या फोटोत राखीव जागा उठून दिसावी. बॉर्डरमध्ये आठ वाटा सोडल्या, प्रत्येक वाटेवर स्टीलची पाटी लावली. टॉवरमधल्या दयाळू लोकांनी मग त्या प्रत्येक पाटीखाली भटक्या कुत्र्यांसाठी दूधभाताचं भांडं ठेवलं. पुण्यही झालं आणि खरकट्याचीही सोय झाली.

बॉर्डर बांधण्याआधीच्या हिवाळ्यात माळावर बावीस लावे मोजले गेले होते. नंतर सात. यंदा एकही नाही. कारण शोधायला धर्मेशला केबिनबाहेर पडावं लागलं नाही. पाड्यातले लोक फास लावतात, सबब यंदापासून माळावर गवत कापायला बंदी, असं पत्र त्याने तयारच ठेवलं होतं. दिवाळीनंतर माळाचं गवत अंबरनाथच्या तबेल्यांना जातं आणि त्यावर पाड्यातली एकोणीस घरं होळीपर्यंत खातात. गवत बंद म्हणजे चूल बंद. चांगुणा केबिनमध्ये गेली ती यासाठी.

"साहेब, लावा उडाया लई आळशी," ती उभ्याउभ्याच म्हणाली होती. "वीतभर आडवं दिसलं का कडंकडंनं चालत ऱ्हातो. वाट घावली का बाहेर. माजा बाप काटक्यांची वई घालायचा नि वाटंत फास मांडायचा. तुमी दगडाची वई घातली. वाटंत कुत्री बसवली."

धर्मेश खुर्ची मागे रेलून हसला.

"वा! म्हणजे तुमच्या घरात फास लावायचे, हे कबूल आहे ना? प्रगती, नोट कर."

प्रगतीने नोट केलं. ती अंबरनाथ पूर्वेहून रोज स्कूटीवर यायची. एमएस्सी झालेली, अकरा महिन्यांच्या कंत्राटावर. बॉर्डरची आखणी झाली तेव्हा दोरीचं एक टोक तिनेच धरलं होतं. हे चालत्या पक्ष्याच्या आडवं येईल, अशी शंका तेव्हाच मनात आली होती. पण कंत्राट नवं होतं आणि साहेबांना शंका आवडत नसत. धर्मेश मूर्ख होता. आपण समजून-उमजून गप्प बसलो, हे तिला त्याहून वाईट वाटत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला प्रगती माळावर आली तेव्हा चांगुणा वाटेशी बसलेली होती, एका हातात कुत्र्यासाठी काठी. तिसऱ्या फासात नर लावा पायाने अडकला होता. छाती धडधडत होती, पण पक्षी धड होता. दव पडलेल्या मातीत त्याच्या पावलांची रांग दगडाला चिकटून लांबून आलेली दिसत होती. प्रगती ती रांग बघत मागे मागे गेली. एकशेदहा पावलांपर्यंत ती कुठेही दगड सोडून वळली नव्हती.

"बगितलंस?" चांगुणा म्हणाली. "आता साहेबाला दाव."

साहेब नऊला आले. गॉगल कपाळावर चढवून त्यांनी फासाकडे पाहिलं आणि त्यांचा चेहरा एकदम खुलला.

"अरे, मिला! साइटिंग कन्फर्म! प्रगती, झीरो काढ, एक लिही."

"सर, तो कसा सापडला ते बघा. पावलं बघा. पूर्ण बॉर्डरच्या कडेने—"

"ते बघतो ना. आधी फासाचा क्लोजअप घे. मावशींचा हात पण येऊ दे."

चांगुणाने आपला हात पाहिला आणि मग प्रगतीकडे पाहिलं. आपण दाखवायला आणलेला पुरावा आपल्यावरच उलटला, हे तिला कळायला वेळ लागला नाही.

पक्षी सोडतानाचा व्हिडिओ धर्मेशला माळाच्या आतल्या बाजूने हवा होता, मागे पाटी दिसेल असा. चांगुणाने फास सैल करून लावा जमिनीवर ठेवला. तो उडाला नाही. तुरुतुरु दगडापर्यंत गेला, थबकला, वळला आणि कडेकडेने चालायला लागला.

"कसला क्यूट चालतो यार," धर्मेश मोबाइल धरून म्हणाला.

पुढच्या वाटेवर भांड्याशी झोपलेलं तांबडं कुत्रं आळस देत उठलं. चांगुणाने लुगडं खोचलं, धावत जाऊन वाटेत उभी राहिली आणि काठी आपटली. लावा मागे फिरला, दुसऱ्या वाटेकडे निघाला. ती तिकडे धावली.

"ओ मावशी, फ्रेममधून बाजूला व्हा ना!"

आठ वाटा आणि धावणारी म्हातारी एक. धर्मेशला हसू आवरेना. दम लागून चांगुणा गुडघ्यांवर हात टेकून थांबली, तेव्हा कुठे लावा गवताच्या एका जुडीत शिरला. आजच्यापुरता वाचला.

"चल, आता फॉर्म भर," धर्मेश व्हिडिओ पाठवता पाठवता म्हणाला. "तो फॉरेस्टवाल्यांचा शिकारीचा. तुमचं ते शुद्ध मराठी मला नाय जमत. आजच जायला पाहिजे."

प्रगती स्कूटीच्या सीटवर कागद ठेवून लिहायला लागली. तिने अक्षर मुद्दाम मोठं काढलं. सापळ्याचा प्रकार: दगडी वई, आठ वाटा. उंची: नऊ इंच. लांबी: साडेआठशे मीटर. नष्ट झालेले पक्षी: दोन वर्षांत एकवीस. गवत कापणाऱ्यांचा संबंध: नाही. कापलेल्या पट्ट्यांत पक्षी दाणे टिपतो, सबब कापणी चालू ठेवावी. सापळा मांडणाऱ्याच्या रकान्यात तिने धर्मेशचं पूर्ण नाव लिहिलं, हुद्द्यासकट.

"सही कुठे?"

तिने बोट ठेवलं. आपलं नाव एवढ्या टपोऱ्या अक्षरात दिसल्यावर धर्मेशला बाकीचं वाचायची गरज वाटली नाही. त्याने झोकात सही ठोकली आणि पेन तिच्या हातात परत दिलं.

"तू पण कर, विटनेस म्हणून."

"मी केलीय, सर," प्रगती म्हणाली. "तुमच्या आधीच."