दुसऱ्या मजल्यावरची पेटी

२०२२ची खंडेनवमी. कोलशेतच्या आमच्या इस्पितळात मी दुसऱ्या मजल्याची सिस्टर इन्चार्ज होते. त्या दुपारी मी कलावतीबाईंच्या मनगटावर बोटं ठेवून उभी होते आणि छतावरच्या वायफायच्या पेटीतला दिवा विझला होता.

कलावतीबाईंचं हृदय मध्येच थबकायचं. दुसऱ्या दिवशी पेसमेकर बसायचा होता. तोवर छातीला लावलेलं चिमुकलं यंत्र त्यांचे ठोके वायफायवरून आमच्या टेबलावरच्या पडद्यावर पाठवायचं. पण छतावरच्या पेट्या अधूनमधून संपर्क सोडत. दोष त्यांच्या आतल्या प्रोग्रॅममध्ये, म्हणजे फर्मवेअरमध्ये होता. कंत्राटावरचा रत्नदीप सुधारलेलं फर्मवेअर चढवत होता. सणामुळे वॉर्ड रिकामे, म्हणून त्याने हा दिवस निवडला. आधी तळमजल्यावरची एकच पेटी करून पाहिली, मग आमच्या मजल्याला हात घातला. काम चालू असताना वीज गेली तर पेटी पुन्हा उठत नाही, हे त्याने आम्हाला बजावून सांगितलं होतं.

इलेक्ट्रिशियन महिपतला मात्र सांगायचं राहिलं. रत्नदीपच्या घरी खंडेनवमी नसते, त्यामुळे यंत्रांच्या पूजेचं त्याच्या डोक्यात आलं नाही. महिपत दरवर्षी वीजखोलीतली यंत्रं पुसून पुजायचा, आणि ज्यांच्यावाचून रुग्णाचं अडत नाही असं त्याला वाटे, तेवढी पूजेपुरती बंद ठेवायचा. पेट्यांना वीज देणारा स्विच त्याच खोलीत होता.

रत्नदीप खाली धावला. वीज आली, बाकीच्या पेट्या उठल्या. कलावतीबाईंच्या डोक्यावरचीचं काम तेव्हा अर्ध्यात होतं, ती उठली नाही. अतिदक्षता विभागातून वायफायशिवाय चालणारं पडद्याचं यंत्र मागवलं होतं, ते येईना. रत्नदीपने ओपीडीतली पेटी काढून आणली आणि शिडीवर चढून लावली.

"झालं का रे?"

"लागली, सिस्टर. पण ती जुनी आहे ना, आधी नवीन फर्मवेअर घेणार, मगच चालू होणार. आता परत लाइट गेली तर संपलं."

महिपत दारात उभा होता. त्याला कुणी काही बोललं नव्हतं.

"मी खाली जातो," तो म्हणाला. "दाराला पाठ लावून उभा राहतो. मोठा साहेब आला तरी आत सोडणार नाय."

तो गेला आणि माझ्या बोटांखालची नाडी थांबली. मी डॉक्टरांना हाक मारून छाती दाबायला लागले. जरा वेळाने कलावतीबाईंनी डोळे उघडले आणि म्हणाल्या, "अगं, हळू. बरगडी मोडशील माझी." त्यानंतर कधीतरी दिवा हिरवा झाला आणि पडद्यावर रेघ उमटली.

चौकशीत महिपतने स्विच आपणच बंद केल्याचं सांगितलं. रत्नदीपने त्याला मध्येच थांबवलं. "काकांना सांगायचं काम माझं होतं. नाही सांगितलं, तर त्यांना कसं कळणार?"

महिपतची निवृत्ती जवळ आली होती. ती सुखरूप पार पडली. रत्नदीपचं कंत्राट पुढे चालू झालं नाही.

कलावतीबाई घोडबंदर रोडला मुलीकडे आहेत, रिक्षावाल्यांशी भांडतात. मी निवृत्त होऊन डोंबिवलीला आले. महिपत गेल्या वर्षी वारला. रत्नदीप पुण्याहून आला होता. पुढचा खांदा त्याचा होता. मी महिपतच्या दारातून पाहत होते. खाडीकडच्या वळणापर्यंत दोघातिघांनी पुढे होऊन मागितला, पण त्याने खांदा बदलू दिला नाही.