पाहणीपुरती रिकामी खोली

निर्मलाबाई स्टुलावर चढून छताच्या कडीतली शेवटची झोळी सोडवत होत्या. गाठ काही सुटेना. आठ वर्षांत ती इतकी आवळली होती की शेवटी अनंतरावांनी खालून सुरी दिली आणि त्यांनी दोर कापला. झोळी खाली पडली, तिच्यातून कुणाचा तरी एक मोजा निघाला. अनंतरावांनी तो उचलून खिशात घातला. आज या घरात पोराचा मोजासुद्धा सापडता कामा नये, असं अर्ज भरून देणाऱ्या मोतीलालने बजावून सांगितलं होतं.

भिंतीवर ओळीने अकरा खिळे होते, अकरा पोरांच्या पिशव्यांसाठी. ते सकाळीच उपटले आणि भोकांत चुना भरला. वाट्या, दुपटी, रबरी चादरी, पावडरचे डबे, सगळ्याची बोचकी बांधून वर घरमालकाच्या माळ्यावर टाकली. मग खोली पुसली. पुसून झाल्यावर ती एवढी मोठी दिसायला लागली की निर्मलाबाई दारातच थबकल्या.

आता कुणीही विचारील, झूलाघराच्या, म्हणजे पाळणाघराच्या, परवानगीसाठी पाहणी व्हायची, तर झूलाघरच उचलून माळ्यावर का टाकायचं? बरोबर आहे. पण हे विचारणारा माणूस कधी सरकारी कागदाच्या मागे लागलेला नसतो. लागलेला माणूस असले प्रश्न विचारत नाही, कुणी म्हणेल ते करत सुटतो.

अनंतराव नेपानगरच्या कागद मिलमधून रिटायर झाले तेव्हा दोघं बुऱ्हाणपुरात, शनवाऱ्याच्या गल्लीत भाड्याने राहायला आली. मूलबाळ नव्हतं. शेजारच्या बाईने एक दिवस आपलं तान्हं निर्मलाबाईंकडे ठेवलं आणि ती लूमवर कामाला गेली. दुसऱ्या दिवशी दोन पोरं आली. परवानगी लागते हे तेव्हा कुणाच्या बापाला ठाऊक होतं! गल्लीतल्या बायका लूमवर कांड्या भरायला जातात, म्हणजे मागाला लागणारं सूत छोट्या कांड्यांवर गुंडाळायला. आधी पोरं तिथंच सुताच्या ढिगावर झोपायची. मग गल्लीतल्याच कडू नावाच्या म्हाताऱ्याच्या नातीचं बोट मशीनच्या पट्ट्यात गेलं, आणि सगळ्या मालकांनी पोरं आणायला बंदी केली. तेव्हापासून ज्या बाईला निर्मलाबाईंकडे जागा मिळायची नाही, ती एकतर काम सोडायची, नाहीतर पोराला घरात ठेवून बाहेरून कुलूप लावायची. अशी कुलपं निर्मलाबाईंनी डोळ्यांनी बघितली होती. आतून येणारा आवाजही ऐकला होता.

चार महिन्यांपूर्वी कुणीतरी तक्रार केली आणि महिला-बालविकास खात्याची नोटीस आली. परवानगी घ्या, नाहीतर बंद करा. सरकारी काम, सहा महिने थांब, हे काय नवीन आहे? पण इथं थांबायलाही कागद लागत होते. पोलिसांचा दाखला, डॉक्टरचा दाखला, घरमालकाची संमती, आग विझवायचा लाल सिलिंडर, संडासाचे दोन फोटो, एक दार उघडं असताना, एक लावलेलं असताना. अनंतराव सत्तरीचे, गुडघ्यांनी अधू. पण मिलच्या ड्यूटीला जावं तसे सकाळी डबा घेऊन कचेरीत जायचे आणि संध्याकाळी एखादा शिक्का मिळवून यायचे.

कचेरीबाहेर मोतीलालचं टायपिंगचं टपरीवजा दुकान. ऑनलाइन अर्ज त्यानेच भरला. मोतीलाल वाईट माणूस नव्हे. वाईट असता तर बरं झालं असतं, त्याचं कुणी ऐकलं तरी नसतं. त्याने आपणहून एक शपथपत्रही टाइप करून जोडलं, की अर्जदाराने आजपर्यंत एकही मूल सांभाळायला ठेवलेलं नाही आणि परवानगीशिवाय ठेवणार नाही. निर्मलाबाई पेन हातात घेऊन थांबल्या. हे तर खोटं आहे, म्हणाल्या.

"काकू, परमिशनच्या आधी पोरं ठेवली म्हणजे सीधी केस बनती," मोतीलाल म्हणाला. "इन्स्पेक्शनला एक बी पोरगं दिसलं नाई पायजे. बाकी मी बघतो ना."

निर्मलाबाईंनी सही केली.

पाहणीच्या आदल्या दिवशी त्यांनी प्रत्येकीला सांगितलं, की उद्याचा दिवस पोरगं घरी ठेव, परवापासून सगळं पक्कं होईल. दहा जणींनी कुरकुर न करता खाडा केला. अडली ती एकटी दीपाली. तिचा नवरा सुरतेला, सासू नाही, आणि मॅनेजरने सांगून ठेवलेलं, की नागा केलास तर परत येऊच नकोस. तिची पिहू चार वर्षांची. निर्मलाबाईंनीच तोडगा काढला. पाहणीच्या मॅडम दहाला येणार, फार तर अकराला जाणार. तोपर्यंत पिहूला शेजारणीकडे ठेव आणि साडेबाराच्या जेवणाच्या सुट्टीत आणून सोड. दीपालीला केवढा तरी धीर आला.

"काकू, हे नाही झालं तर मी हिला कुठं ठेवू?" जाता जाता तिने विचारलं होतं. "मला तर कुलूपच लावावं लागेल."

"होईल गं," निर्मलाबाई म्हणाल्या होत्या.

दहा वाजले. अकरा वाजले. निर्मलाबाईंनी दोनदा चहाचं आधण ठेवलं आणि दोनदा उतरवलं. बाराला अनंतराव दारात जाऊन उभे राहिले. सव्वाबाराला मॅडम आल्या. गल्लीत जीप शिरत नाही, म्हणून ती शनवारा गेटपाशीच ठेवून चालत आल्या. घामाघूम झालेल्या, खांद्याला पर्स, हातात फाइल. पण माणूस बरा निघाला. मॅडम इच्छापूरकडच्या, घरात मराठी बोलणाऱ्या. आत आल्या आल्या म्हणाल्या, काकू, आधी पाणी द्या. अनंतरावांना देव पावल्यासारखं वाटलं.

दीपालीला अडवायला अनंतरावांनी गल्लीच्या तोंडाशी थांबायचं, असं निर्मलाबाईंनी डोळ्यांनीच खुणावलं. पण मॅडमनी नेमकं त्यांचंच आधार कार्ड मागितलं. ते शोधण्यात आणि मग झेरॉक्सवर सही करण्यात वेळ गेला.

मॅडम नीट काम करणाऱ्या होत्या. खिडकीची उंची टेपने मोजली. संडासात डोकावल्या. लाल सिलिंडरवरची तारीख वाचली. प्रत्येक रकान्यात बरोबरची खूण होत गेली, आणि ती खूण होताना पेनचा जो बारीक आवाज येतो तो निर्मलाबाईंना ऐकू येत होता. खोली हवेशीर आहे, मॅडम म्हणाल्या. एवढी स्वच्छ जागा फार कमी ठिकाणी बघायला मिळते, असंही म्हणाल्या. निर्मलाबाईंना रडू येईल असं वाटलं. आठ वर्षांत हे त्यांना कुणी म्हटलं नव्हतं.

तेवढ्यात गल्लीतून चूं-चूं आवाज आला. पिहूच्या बुटांचा.

दीपालीने नेहमीसारखं पोरीला गल्लीच्या तोंडाशी सोडलं असणार आणि ती उलट्या पावली पळाली असणार. अर्ध्या तासाची तर सुट्टी. पिहू एकटी आत आली. दारात बसून तिने बूट काढले, भिंतीशी जोडून ठेवले आणि पिशवी अडकवायला हात वर केला. खिळा नव्हता. ती पिशवी तशीच धरून भिंतीकडे बघत राहिली.

मॅडम फाइलमध्ये लिहीत होत्या. त्यांनी मान वर केली.

"ही कोण?"

निर्मलाबाईंनी कोरडेच हात पदराला पुसले.

"कुणास ठाऊक. गल्लीतली असेल कुणाची तरी."

पिहू वळली आणि "आजी" म्हणाली. गल्लीतली सगळीच पोरं आजी म्हणतात, असं अनंतराव घाईघाईने बोलून गेले. निर्मलाबाई पिहूजवळ गेल्या, खाली बसल्या. आवाज मात्र त्यांचा नेहमीचाच निघाला, पोरांना काही शिकवताना असायचा तसा, सावकाश आणि स्पष्ट.

"कुणाची गं तू बाळ? मी नाही ओळखत तुला. जा, बाहेर जा."

पिहू त्यांच्या तोंडाकडे बघत होती. ती रडली नाही, हट्टही केला नाही. अनंतरावांनी तिला बाहेर नेऊन ओट्यावर बसवलं आणि बूट तिच्या मांडीवर ठेवले. निर्मलाबाईंनी तिकडे बघायचं टाळलं. एवढं आजचं निभावू दे, उद्या हिला मांडीवर घेऊन बसेन, असं त्यांनी मनात म्हटलं.

मॅडमनी शेवटचं पान काढलं.

"आता सध्या मुलं किती येतात?"

"एकही नाही," निर्मलाबाई म्हणाल्या. मोतीलालने घोकवून घेतलं होतं तसं.

मॅडमचं पेन थांबलं. त्या थोड्या निराशच झाल्यासारख्या दिसल्या. मग त्यांनी समजावून सांगितलं. हे पान गरजेचं आहे. शहरात अर्ज फार, मंजुऱ्या थोड्या, म्हणून जिथं मुलं खरोखर येतात तिथंच परवानगी द्यायची, असा यंदाचा नियम आहे. आधीपासून चालवत असाल तर समज देतात आणि नियमात बसवून घेतात. इथं मुलं येतात असं तक्रारीत होतं, म्हणून तर त्या भर उन्हात आल्या होत्या.

"शून्य लिहिलं की फाइल इथंच बंद होते काकू. मग वर्षभर अर्ज करता येत नाही. एक जरी मूल असतं तरी मी पुढे पाठवली असती."

अनंतराव निर्मलाबाईंकडे बघायला लागले. करायला गेलो गणपती आणि झाला मारुती म्हणतात, पण इथं मारुतीसुद्धा झाला नव्हता, नुसती पुसलेली फरशी उरली होती. निर्मलाबाईंनी भिंतीला हात टेकला आणि सगळं सांगून टाकलं. अकरा पोरं येतात, आठ वर्षं झाली, झोळ्या वर माळ्यावर आहेत, आया आज घरीच आहेत, आत्ता बोलावते. आणि ती बाहेर बसलेली पोरगी आमचीच आहे, दीपालीची पिहू.

मॅडमनी ऐकून घेतलं. मग फाइल मागे चाळून शपथपत्र काढलं आणि त्यांच्यापुढे धरलं.

"ही सही तुमचीच ना?"

"माझीच."

"आणि आत्ता, दहा मिनिटांपूर्वी, तुम्ही म्हणालात की हिला ओळखत नाही."

मॅडम रागावल्या नव्हत्या, तेच जास्त वाईट होतं. मागच्याच आठवड्यात एकाने गल्लीतली पोरं चॉकलेट देऊन गोळा केली होती, त्या म्हणाल्या. झोळ्या काय, कुणाच्याही माळ्यावर असतात. आणि बोलावून आणलेल्या आयांचं त्या लिहू शकत नाहीत. पाहणीत जे दिसलं ते लिहायचं. थोडा वेळ त्या पेनाचं टोपण लावत-काढत बसल्या. मग उठल्या.

"मी त्या मुलीलाच विचारते. लहान मूल खोटं बोलत नाही. ती ओळखते म्हणाली तर मी एक लिहीन. पण तुम्ही मध्ये बोलायचं नाही, खूण करायची नाही."

पिहू ओट्यावर बसून बुटांचे पट्टे लावत होती. मॅडम तिच्याशेजारी टेकल्या. तिचं नाव विचारलं, ते तिने सांगितलं. मग त्यांनी दारात उभ्या असलेल्या निर्मलाबाईंकडे बोट केलं.

"ह्या आजींना ओळखतेस तू?"

पिहूने निर्मलाबाईंकडे बघितलं. निर्मलाबाईंनी दोन्ही हातांनी चौकट धरली होती. हो म्हण गं माझे बाई, एवढंच त्यांच्या मनात चाललं होतं. चेहरा मात्र त्यांनी दगडासारखा ठेवला, कारण तसंच ठरलं होतं.

"नाही," पिहू म्हणाली. सावकाश आणि स्पष्ट. "मी नाही ओळखत."

मॅडमनी तिच्या केसांवरून हात फिरवला. ओट्यावर बसूनच त्यांनी रकाना भरला, अनंतरावांची साक्षीदार म्हणून सही घेतली, आणि अजून दोन ठिकाणी जायचंय म्हणून निघाल्या. अनंतराव त्यांच्यामागे गल्लीत चार पावलं गेले आणि तिथंच उभे राहिले.

निर्मलाबाई ओट्यावर बसल्या. समोरच्या घराचं दार बाहेरून लावलेलं होतं, त्याच्या कुलपाकडे त्या बघत राहिल्या. संध्याकाळी दीपाली पोरीला न्यायला येणार होती. पिहू सरकत सरकत त्यांच्यापाशी आली. गल्लीत कुणी ऐकत नाही ना, हे तिने आधी बघून घेतलं आणि मग त्यांच्या कानाशी तोंड नेलं.

"आजी, मी बरोबर सांगितलं ना?"

"हो," निर्मलाबाई म्हणाल्या. "बरोबर सांगितलंस."