मैदानाचं गाऱ्हाणं

शामराव पुढारी झाले ते निव्वळ आवाजाच्या जोरावर. संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चात त्यांनी 'झालाच पाहिजे' म्हटलं की परळचे कावळे उडायचे. गोळीबार झाला तेव्हा मात्र हा आवाज शिवडीला मामाकडे जाऊन बसला होता आणि वातावरण निवळल्यावरच चाळीत परतला होता. हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण आवाज मोठा असला की माणसं बाकीचं विसरतात. आता सत्तावन्न साल होतं, महापालिकेच्या निवडणुका तोंडावर होत्या आणि शामरावांना तिकिटाचे डोहाळे लागले होते.

जाईबाई तेवढी काही विसरत नसे. ती गिरणीत वाइंडिंग खात्यात कामाला होती. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि मैदानापलीकडच्या चाळीत ती धाकटा दीर रामजी याच्या कुटुंबाबरोबर राहत होती. डिसेंबरात बाबासाहेब गेले, तेव्हा दादरच्या त्या अफाट गर्दीत तिने रडत रडतच बुद्धाला शरण जाण्याची दीक्षा घेतली होती. आता एप्रिलात बाबासाहेबांच्या मागची पहिली जयंती येत होती. ती या मैदानात, मांडव घालून, उजळ माथ्याने व्हावी, एवढं एकच तिच्या मनाने घेतलं होतं. चाळीच्या जिन्याखाली कोपऱ्यात पताका लावून जयंती उरकायचे दिवस आता संपले, असं ती म्हणायची.

मैदान म्हणजे दोन चाळींमधली उघडी जागा. तिथे पापड वाळत, पोरं हुतुतू खेळत आणि संयुक्त महाराष्ट्र समितीच्या सभा होत. सरकारने सभांवर बंदी घातली, पोलिसांनी लाठ्या चालवल्या, तरी माणसं जमायची थांबली नाहीत. मग जागेच्या मालकाला अक्कल सुचली. सरकारला सभा मोडायला पोलीस लागत होते, त्याला नुसती काटेरी तार पुरणार होती. कुंपण घालायचं, आत चार झाडं लावायची, फाटकाला कुलूप ठोकायचं आणि वर पाटी लावायची, 'नागरिक उद्यान'. नागरिक बाहेर आणि झाडं कुलपात! चावी शामरावांकडे राहणार होती. मोबदल्यात मालक निवडणुकीत त्यांच्या पाठीशी उभा राहणार होता, हे न सांगताही कळण्यासारखं होतं.

"हुतात्म्यांसाठी आत चौथरा बांधणार आहेत, बाई," शामराव जाईबाईला समजावायला आले होते.

"आणि आमच्या जयंतीला फाटक कोण उघडणार?"

"बघू की. सगळ्यांचा होकार घेऊनच पुढे जायचं, लोकशाही आहे."

होकार घ्यायचा म्हणजे सभा भरणार, आणि सभेत आपण बोलू, असं जाईबाईने मनाशी ठरवलं. ती भोळीच म्हणायची. शामरावांना सभा नको होती, कारण सभेत लोक प्रश्न विचारतात. त्यांनी शिमगा निवडला.

शिमग्याला रात्री मैदानात होळी पेटायची आणि नारळ ठेवून दत्ताराम गाऱ्हाणं घालायचा. दत्ताराम तळकोकणातला, गिरणीत मागावर काम करणारा साचेवाला, गळा खणखणीत. त्याने देवाला साकडं घालायचं आणि दर वाक्याला जमावाने 'व्हय म्हाराजा' म्हणायचं. त्यात शब्द कोण ऐकतो? 'म्हाराजा' ऐकू आलं की तोंडातून 'व्हय' बाहेर पडतंच. जाईबाईलाही हे पाठ होतं. तिच्या रत्नागिरीकडच्या गावात तिचा बाप लांब, गावकुसाच्या कडेला उभा राहून असंच 'व्हय' म्हणायचा. देवाने त्याचं कधी ऐकल्याचं तिला आठवत नव्हतं. दीक्षेनंतर तिने ते सोडलं होतं. आज ती आली होती ती शेजारधर्म म्हणून, आणि तोंड मिटून असल्यामुळे तिचे कान मोकळे होते.

"बा देवा, आज तुझी लेकरां हय जमली हत, तेंचो सांभाळ कर रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"कोणाच्या घरात दुखणा आसात, ता दूर कर रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"आणि ह्या मैदानाक कुपण घालून चावी शामरावांच्या हातात दिऊची, हेका आमचो सगळ्यांचो होकार आसा रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

केवढा तो गजर! ज्यांनी या जागेसाठी लाठ्या खाल्ल्या होत्या, त्यांचाच आवाज सगळ्यांत मोठा होता. शामराव हात जोडून उभे होते आणि चेहरा असा सोज्वळ केला होता, जणू देवानेच त्यांना चावी दिली.

"नाय म्हाराजा!" जाईबाई ओरडली.

सगळे गपकन थांबले. गाऱ्हाण्यात 'नाय' कोणी कधी ऐकलंच नव्हतं.

"जायबाय, गाऱ्हाणा मोडलास मगो!" दत्ताराम कळवळला. "आता पयल्यापासून घालूक होया."

"घाला की, दत्ताराम भावजी. पण या येळेला ह्यांना कान उघडे ठेवायला सांगा. कशाला व्हय म्हणताय रं? कुलपाला?"

लोकांत कुजबूज झाली. दत्तारामाने ओशाळून शामरावांकडे पाहिलं. ते चार शब्द त्यांनीच घालायला सांगितले होते, आणि त्यांनी आपल्याला मानाचा फेटा बांधला म्हणून दत्तारामाने ते घातले होते. त्याने पुन्हा सुरुवात केली. लेकरांना व्हय मिळाला, दुखण्याला मिळाला. कुंपण आलं तेव्हा मात्र कोणी तोंड उघडलं नाही. मागून कोणीतरी "नाय!" म्हटलं आणि मग मैदानभर "नाय, नाय" झालं. शामरावांचा तो प्रसिद्ध आवाज पुन्हा शिवडीला गेला, आणि पाठोपाठ शामरावही गर्दीतून सटकले.

जाईबाईला भरून आलं. दत्तारामालाही आलं असावं, कारण त्याने आपल्या मनाने एक वाक्य जोडलं.

"आणि पलीकडच्या चाळीच्या लेकरांची जयंती एप्रिलात ह्याच मैदानार होऊंदे रे म्हाराजा!"

कोणी बोललं नाही.

दत्ताराम थांबला, वाट पाहिली. कोणी घसा खाकरला, कोणी होळीकडे पाहू लागलं. जाईबाईच्या शेजारी उभी असलेली कमलाबाई, जिचं पोर जाईबाईने आजारपणात अंगाखांद्यावर वागवलं होतं, ती पदर सारखा करत राहिली. मघाशी काटेरी तार न चावता गिळायला निघालेली ही माणसं आता एकेक शब्द सोन्याच्या काट्यावर तोलत होती.

जाईबाईने पदर कमरेला खोचला. रडायचं तर कोणासाठी? ज्यांचा होकार सवयीचा, त्यांच्या होकाराला किंमत ती किती!

"फोडा नारळ, भावजी," ती म्हणाली. "तुमी चांगलं म्हटलंत. पण मी काय कोणाचा व्हय मागायला नाय आले."

मग ती रामजीकडे वळली. "पहार आणा. मांडवाचा पहिला खड्डा आजच खणायचा."

रामजी पहार घेऊन आला. होळीच्या उजेडात, सगळ्यांच्या देखत, त्याने मैदानात पहिला घाव घातला. मैदान कुणा एकाचं नाही, असं ही सगळी मंडळी आत्ताच ओरडून बसली होती. आता 'नाय' म्हणायची एकाचीही छाती झाली नाही.